उगवतीचा कोंबडा, मावळतीचा कोंबडा

"नीट धर," सकिमान म्हणाला. "मागच्या खेपेसारखा सुटला तर या वयात मला गावभर पळवेल हा."

"धरलाय, कांग. तुम्ही आटपा."

लेगिनीनं तांबड्या कोंबड्याचे पाय दोन्ही हातांत आवळले. तिच्या थोरल्या कांगनं, म्हणजे थोरल्या दादानं, लुंगी वर खोचली, सुरीची धार अंगठ्यावर तपासली आणि सवयीप्रमाणे वळून उभा राहिला. उगवत्या सूर्याकडे पाठ आणि तोंड थेट मावळतीला, साखर कारखान्याच्या जुन्या धुराड्याकडे. अल्लाचं नाव घेतलं, सुरी फिरवली, झालं. साठीला आलेला माणूस, पण हात अजून थरथरत नव्हता.

आता यात नवल काहीच नव्हतं. त्यांचा बाप जावा बेटावरून ऊसमळ्याच्या करारावर आला तेव्हा नमाजाची चटई सोबत घेऊन आला होता. तिकडे मक्का मावळतीला. जहाजानं अर्धी पृथ्वी ओलांडली आणि इथं सुरिनामला आल्यावर मक्का गेली उगवतीला, पण बापाची चटई काही फिरली नाही. माझे आजे-पणजे ज्या बाजूला वाकले त्या बाजूला मी वाकणार, तो म्हणायचा, आणि अल्लाला काय दोन्हीकडून दिसत नाही की काय. सकिमाननं तेच धरलं. मधल्या रासिमाननं मात्र विशीत नकाशा उघडला, शहरातल्या मौलवीकडे चार महिने जाऊन बसला आणि चटई फिरवली. त्याच्यामागे अर्ध्या गावानं फिरवली. तेव्हापासून गावात मावळतीवाले आणि उगवतीवाले. एकच रस्ता, त्याच्या दोन टोकांना दोन मशिदी, आणि बरोबर मधोमध लेगिनीचं घर.

"तू कुठल्या बाजूची?" असं कोणी विचारलं की ती म्हणायची, "स्वयंपाकघराच्या."

सकिमाननं सुरी पुसली. "दुसरा कधी?"

"दुसऱ्यासाठी कांग रासिमान येणार आहे. नऊ वाजता."

सकिमाननं तांबड्या कोंबड्याकडे आणि मग खुराड्यातल्या कवड्या कोंबड्याकडे पाहिलं आणि नाकातून हुंकार काढला. "म्हणजे एकाच जेवणात दोन कोंबडे, दोन दिशांना तोंड करून."

"एकाच जेवणात दोन भाऊ," लेगिनी म्हणाली. "मला तेवढंच हवंय, कांग. बाकी तुमचं तुम्ही बघा."

तिला हवं होतं ते खरोखर तेवढंच होतं. तिची मार्सिनी उद्या सकाळी विमानात बसणार होती. हॉलंडला, नर्सिंग शिकायला. देश स्वतंत्र होणार म्हणून जो उठतो तो हॉलंडची वाट धरत होता, त्यात आता लेगिनीची एकुलती एक पोर. जाणाऱ्यासाठी स्लामेतान करायचं, म्हणजे भाताचा डोंगर रचायचा, अख्खा कोंबडा शिजवायचा, घरच्या-शेजारच्या पुरुषांनी गोल बसून दुवा मागायची आणि एकाच पानातलं खायचं. खाल्लं की माणूस सुखरूप जातो आणि सुखरूप परत येतो. आणि नाही खाल्लं तर काय होतं, हे लेगिनीनं डोळ्यांनी पाहिलं होतं.

चौपन्न साली त्यांची थोरली बहीण सामिना नवऱ्याबरोबर जहाजानं जावाला परत निघाली, तेव्हाही याच घरात असाच भाताचा डोंगर रचला होता. रासिमान तेव्हा नुकता उगवतीचा झालेला, नवा कोरा. मावळतीला तोंड करून कापलेलं मी खाणार नाही, म्हणाला. ऊद जाळता ते थोतांड आहे, असंही म्हणाला. सकिमाननं चटई ओढली, भात सांडला, पाहुणे चपला घालून निघून गेले. सामिना न जेवता जहाजावर चढली. पहिली दोन वर्षं पत्रं आली, मग तीही थांबली. लेगिनीच्या लग्नाला तेव्हा वर्षच झालं होतं. त्या सांडलेल्या भातातला मूठभर जरी दोघांनी तोंडात घातला असता तर, हा विचार वीस वर्षांत तिच्या मनातून एक दिवसही गेला नव्हता. वेडेपणा म्हणा हवं तर. पण तो भात पुन्हा सांडू द्यायचा नाही, हे तिनं पक्कं ठरवलं होतं.

म्हणून महिनाभर तिची दोन्ही टोकांना ये-जा चालली होती. ऊद जाळायचा, पण अंगणात, घरात नाही. सुरुवातीचं भाषण सकिमान करणार, अरबी दुवा रासिमान म्हणणार. सकिमानचा कोंबडा सकिमान कापणार, रासिमानचा रासिमान. दोन देशांचा तह व्हावा तसा सगळा कारभार.

रासिमान नऊला आला. सायकल घरासमोरच्या कालव्यावरच्या पुलाशी लावलेली, काळी टोपी, इस्त्रीचा सदरा. उन्हाकडे तोंड करून, डोळे किलकिले करून त्यानं कवडा कोंबडा कापला आणि रुमालानं बोटं पुसली.

"खूण करशील ना?" त्यानं विचारलं.

"तुझ्या कोंबड्याच्या पायाला लाल दोरा बांधणार आहे. झालं समाधान?"

"माझं समाधान कसलं, लेगिनी. आमच्या मशिदीतले चारजण जेवायला येणारेत. ते माझ्या हाताकडे बघत बसतील."

"बघू देत. तू ताटाकडे बघ."

तो हसला. हसला की अगदी सामिनासारखा दिसायचा, आणि म्हणूनच लेगिनीला त्याच्यावर कधी धड रागावता आलं नाही.

दुपारपर्यंत स्वयंपाकघर नुसतं उकळत होतं. नारळाचं दूध, लेमनग्रास, आंबवलेल्या सोयाबीनचं तळलेलं तेंपे, मिरचीचा ठेचा. दोन्ही कोंबडे पाय दुमडून, बांधून, एकसारखे, नारळाच्या दुधात शिजायला पडले होते. पिसं काढल्यावर कुठला तांबडा आणि कुठला कवडा, ते त्यांच्या आईलाही कळलं नसतं. रासिमानची बायको तुमिना कोंबड्यांपाशी, लेगिनी भातापाशी, आणि मार्सिनी दोघींच्या मधे, उद्याच्या प्रवासाची बॅग सोडून.

"तिकडे भात मिळतो ना गं?" तुमिनानं विचारलं.

"मिळतो, मामी. सगळं मिळतं. माझ्या मैत्रिणीनं लिहिलंय, बाजारात मिरच्यासुद्धा मिळतात. फक्त थंडी फार."

"थंडी पडली की आईला हाक मार."

"आईला हाक मारली तर ती दोन्ही मामांना घेऊन येईल, आणि मग तिथंही दोन मशिदी बांधाव्या लागतील."

तिघी हसल्या. लेगिनीनं पितळी साच्यातला भात केळीच्या पानावर उलटा केला. टोकदार, पिवळाधमक, एक शीतही ढळलं नाही. तिला बरं वाटलं. मग तिनं कोंबडे ताटात काढायला झारा घेतला. पहिला काढला. दुसरा काढला. दोन्ही पुन्हा उलटसुलट केले.

"वहिनी, दोरा कुठाय?"

"कसला?"

"लाल दोरा. कांग रासिमानच्या कोंबड्याच्या पायाला होता."

तुमिनाचा हात ठेच्याच्या दगडावर थांबला. "तो होय? तो मी तोडून चुलीत टाकला. मला वाटलं तू काहीतरी उतारा-बितारा बांधलायस. आमच्यात चालत नाही ना गं दोरेगंडे. तुझे भाऊ माझ्यावर ओरडले असते."

लेगिनीनं झारा खाली ठेवला. बाहेर माणसं जमल्याचे आवाज येत होते, चटया टाकल्या जात होत्या.

"आता?" तुमिना कुजबुजली. तिचा चेहरा उतरला होता.

"एकाला नवा दोरा बांध," मार्सिनी म्हणाली. "कुठल्याही. कोणाला कळतंय, आई."

कोणालाच कळलं नसतं, हे खरं. लेगिनीनं टोपलीतून दोरा काढलासुद्धा. बोटाभोवती गुंडाळला, सोडला, परत गुंडाळला. पण उद्या पोरगी ढगांच्या वर असणार, आणि तिच्या नावाच्या जेवणात आईनंच खोटी खूण बांधलेली. काही झालं तर जन्मभर त्या दोऱ्याकडे बोट जाईल. तिनं दोरा टोपलीत परत टाकला.

"ताट उचला," ती म्हणाली. "होईल ते होईल."

बाहेरच्या खोलीत पुरुष गोल बसले होते. मावळतीचे एका अंगाला, उगवतीचे दुसऱ्या अंगाला, मधे भाताचा डोंगर. आता गंमत अशी की गोल बसलं की कोणाचं तोंड कुठेही होतं. मावळतीवाल्या सोदिक्रोमोचं तोंड नेमकं उगवतीला आलं होतं आणि ते त्याच्या लक्षातही नव्हतं. अंगणातला ऊद वाऱ्यानं सरळ खिडकीतून आत येत होता. रासिमाननं एकदा नाक मुरडलं, पण उठला नाही. वाऱ्याशी तह झाला नव्हता. मार्सिनीला दाराशी बसवलं होतं, कारण जेवण तिचं होतं, आणि तिच्यामागे लेगिनी उभी.

सकिमाननं भाषण केलं. जावाच्या मातीचं नाव घेतलं, ऊसमळ्यात घाम गाळून मेलेल्यांची नावं घेतली, या नदीचं घेतलं, बापाचं घेतलं, लेगिनीच्या गेलेल्या नवऱ्याचं घेतलं. मग थोडा थांबला आणि सामिनाचंही घेतलं. लेगिनीनं चटकन वर पाहिलं. या भावानं वीस वर्षांत ते नाव चारचौघांत उच्चारलं नव्हतं.

"आमची पोर लांब चाललीय," तो म्हणाला. "थंडीच्या देशात चाललीय. तिला सांभाळ. एवढंच."

मग रासिमाननं दुवा म्हटली. आवाज त्याचा पहिल्यापासून गोड. दोन्ही अंगांचे हात वर झाले, आमीन एकाच सुरात उठलं आणि लेगिनीनं ताट आणून मधे ठेवलं. दोन कोंबडे, शेजारी शेजारी, पाय दुमडून बसलेले.

रासिमाननं ताटाकडे पाहिलं. त्याच्या बाजूच्या चारजणांनीही पाहिलं.

"लेगिनी, माझा कुठला?"

लेगिनी मागे दाराशी सरकली. दार धरून ती म्हणाली, "माहीत नाही, कांग."

"म्हणजे?"

"म्हणजे दोरा गेला. दोन्ही एकाच पातेल्यात होते. कुठला कुणाचा, मला सांगता येत नाही. खोटं सांगितलं असतं तर तुला कळलं नसतं. पण आजच्या दिवशी मी खोटं नाही सांगणार."

कोणीतरी खोकलं. भाताकडे निघालेला रासिमानचा हात मांडीवर परत आला. तो हात तिनं एकदा पाहिला होता, अगदी तसाच, त्याच खोलीत.

"दोरा मी तोडला," मागून तुमिना म्हणाली. बायकांनी पुरुषांच्या बैठकीत बोलायची रीत नव्हती, तरी म्हणाली. "तिला बोलू नका. दोरेगंडे आपल्यात चालत नाहीत, हे तुम्हीच मला रोज ऐकवता. मी ऐकलं."

सोदिक्रोमोनं हसू दाबायला मिशीवर हात ठेवला. रासिमान हसला नाही. त्याच्या शेजारचा माणूस हळूच म्हणाला, "भात खाऊ या आपण. नुसता भात." आणि पलीकडच्या अंगानं कोणीतरी पुटपुटलं, "बघा, वीस वर्षांनी पुन्हा तेच." मार्सिनीनं मान वळवून आईकडे पाहिलं. तिला त्या जुन्या गोष्टीतलं सगळं ठाऊक होतं, आईनंच सांगितलेलं.

"काय चाललंय हे," सकिमान म्हणाला. "खा की रे. दोन्ही उगवतीचेच आहेत."

सगळ्यांनी त्याच्याकडे पाहिलं.

"माझाही मी उगवतीकडेच तोंड करून कापला," तो म्हणाला. आवाज जरा जास्तच मोठा लागला होता. "म्हटलं, याला खायचंय, याचे लोक येणारेत. भाचीचा दिवस आहे. एक दिवस वळलो तर काय झिजलो? वळलो आणि कापला. विचारा हिला, पाय हिनंच धरले होते."

लेगिनीच्या डोळ्यांसमोर सकाळचं धुराडं उभं राहिलं. उन्हात तापलेली भावाची पाठ उभी राहिली. तिनं मान तेवढी हलवली, आणि ती होकारासाठी हलली की नुसतीच, हे तिचं तिलाही सांगता आलं नसतं.

रासिमान थोरल्या भावाकडे बघत राहिला. सकिमानचे कान लाल झाले होते आणि तो भाताच्या टोकाकडे टक लावून बसला होता. मग रासिमाननं बाही वर केली, जवळच्या कोंबड्याची तंगडी मोडली, अर्धी स्वतःच्या पानावर ठेवली आणि अर्धी भावाच्या.

"बिस्मिल्ला," तो म्हणाला आणि खाल्लं.

मग काय, चारजणांनीही खाल्लं. मग दोन्ही बाजूंनी हात एकाच डोंगराला लागले, आणि तो टोकापासून खाली खाली येत गेला. लेगिनी स्वयंपाकघरात जाऊन चुलीसमोर बसली आणि भरपूर रडली. तुमिना शेजारी येऊन बसली आणि तिनं ठेच्याचं निमित्त करून स्वतःही रडून घेतलं. वीस वर्षांचं ओझं उतरलं की असंच होतं, आनंदात डोळे वाहतात आणि ठेच्याचं नाव पुढे होतं.

बाहेर मामांना हाक मारणाऱ्या मार्सिनीचा आवाज आला. "पाकदे, एक विचारू? दोघांनाही विचारते. तिकडे हॉलंडला मी नमाज कुठे तोंड करून पढायची?"

दोघे मामा एकदम तोंड उघडून एकदम थांबले. खोलीत हशा पिकला.

"विचार ना तुझ्या नकाशावाल्याला," सकिमान म्हणाला.

रासिमाननं केळीच्या पानावर शितं मांडली. हे हॉलंड, ही मक्का. "अशी तिरकी. दक्षिण आणि उगवत यांच्या मधे."

सकिमान पानावर वाकला. बराच वेळ शितं न्याहाळत राहिला. "म्हणजे ना तुझी बाजू, ना माझी."

"ना तुमची, ना माझी."

"बरं झालं. तिथं तरी सुखानं पढेल."

संध्याकाळी पाहुणे आपापली बरकत घेऊन गेले, प्रत्येकाच्या हातात केळीच्या पानात बांधलेला भात आणि कोंबड्याचा तुकडा. स्लामेतानची बरकत घरी नेणं रासिमाननं कधीच सोडलं होतं. आज त्यानं स्वतः मागून घेतली आणि सायकलच्या दांडीला टांगली. लेगिनी त्याला पुलापर्यंत सोडायला गेली. कालव्याच्या पाण्यावर डास घोंगावत होते.

"सकाळी मी लवकरच आलो होतो," रासिमान एकदम म्हणाला. "नऊची वेळ दिली होतीस, पण झोप लागेना. इथंच उभा होतो, पुलावर. कांगला कापताना पाहिलं."

लेगिनी थबकली. "पाहिलंस?"

"पाहिलं. तोंड कारखान्याच्या धुराड्याकडे. दुसरीकडे असणार तरी कुठे."

"आणि तरी खाल्लंस?"

रासिमान सायकलच्या घंटीवरची धूळ बोटानं पुसत राहिला. "सामिनाच्या वेळी माझंच बरोबर होतं, लेगिनी. नकाशा अजूनही तेच सांगतो. वीस वर्षं माझंच बरोबर राहिलं, आणि माझी बहीण उपाशी गेली." तो थांबला. "आणि तो माणूस जन्मात कधी खोटं बोलला नाही. आज चारचौघांत बोलला, तेही इतकं वाईट की कान लाल झाले. त्याचं ते खोटं मी वाया जाऊ देणार होतो का?"

त्यानं सायकलवर टांग टाकली. बरकतीची पुडी दांडीला हेलकावे खात त्याच्याबरोबर उगवतीच्या टोकाला निघून गेली.

सकिमान मागच्या पायरीवर विडी वळत बसला होता. लेगिनी येऊन शेजारी बसली. आतून मार्सिनी बॅगेच्या झाकणावर बसून ते बंद करायची धडपड करत असल्याचं ऐकू येत होतं.

"गेला?"

"गेला. बरकत घेऊन गेला."

"बरकत घेऊन?" सकिमाननं विडी ओठाशी नेली आणि पेटवायची विसरला. मग आवाज खाली आणून म्हणाला, "लेगिनी, मी खोटं बोललो. तुला ठाऊकच आहे."

"मला काही ठाऊक नाही. मी कोंबड्याचे पाय धरले होते."

"त्याला पटलं ना पण?"

लेगिनीनं शालीचं टोक तोंडावर धरलं. "पटलं म्हणजे काय, कांग. पुरतं पटलं."

सकिमाननं समाधानानं मान डोलावली आणि काडी ओढली. "पटणारच. एवढी पुस्तकं वाचली, पण लहानपणापासून भोळाच आहे तो."

"हो ना," लेगिनी म्हणाली, आणि पोरीच्या बॅगेवर बसायला आत गेली.